राहिलेले राज्य

आमच्या कार्यालयात दुपारी डबे उघडले की टेबलावर जे विषय निघतात, त्यांत महागाई भत्ता आणि बदली हे दोन कायमचे. बाकीचे ऋतुमानाप्रमाणे येतात आणि जातात. गेल्या पावसाळ्यात मात्र एक निराळाच पाहुणा आमच्या टेबलावर येऊन बसला. शेजारच्या विभागातील एक तरुण बंगाली सहकारी जेवताना आपला मोबाईल पाण्याच्या बाटलीला टेकवून उभा करी आणि एकटाच खुदुखुदु हसत राही. एके दिवशी मला राहवले नाही. "एवढे काय पाहतोस?" असे मी विचारले. त्याने मोबाईल माझ्याकडे फिरवला आणि म्हणाला, "पाहा दादा; पण आधी घास गिळा, मग पाहा."

सूचना योग्य होती. पडद्यावर अमेरिकेतील कुठल्याशा प्रतीक्षालयाचे दृश्य होते. एक गृहस्थ हातात यादी घेऊन तेथे बसलेल्या लोकांसमोर नावे पुकारत होते. यादी त्यांच्या मित्रांनी तयार केलेली. पुकारणाऱ्याने ती आधी पाहिलेली नाही. नावे अशी अचाट की ती उच्चारताना मनुष्याने गंभीर राहावे ही अपेक्षाच अमानुष. आणि अट एकच : हसायचे नाही. हसला तो हरला. पलीकडच्या खोलीत त्यांचे मित्र छुप्या कॅमेऱ्यातून हा सोहळा पाहत अक्षरशः लोळत होते. मी सरकारी कारकून. नावांच्या याद्या वाचण्यात माझी अकरा वर्षे गेली आहेत. त्या गृहस्थांच्या ओठांच्या कोपऱ्यात दाबून धरलेले हसू पाहून मला जो ठसका लागला, तो थांबवायला दोन सहकाऱ्यांना माझी पाठ थोपटावी लागली.

त्या कार्यक्रमाचे नाव ‘इम्प्रॅक्टिकल जोकर्स’. जो गॅटो, जेम्स मरे, ब्रायन क्विन आणि सॅल वल्कॅनो हे त्यातील चौघे मित्र. चौघेही न्यूयॉर्क शहराच्या स्टेटन आयलंड या भागातले आणि एकाच शाळेत शिकलेले. पुढे ‘द टेंडरलॉइन्स’ नावाच्या विनोदी मंडळीत ते एकत्र आले. त्यांच्यापैकी क्विन यांनी तर काही वर्षे न्यूयॉर्कच्या अग्निशामक दलात नोकरीही केली. १५ डिसेंबर २०११ रोजी अमेरिकेतील ‘ट्रू टीव्ही’ या वाहिनीवर त्यांचा हा खेळ सुरू झाला. खेळ म्हणावा तर पोरकट. चौघांपैकी एकाने कानात बारीक यंत्र घालून बाजारात, बागेत किंवा एखाद्या दुकानात जायचे आणि उरलेले तिघे कानात जे सांगतील ते बोलायचे, जे सांगतील ते करायचे. नाही म्हटले की नापास. शेवटी ज्याच्या वाट्याला सर्वांत अधिक अपयश येईल त्याला शिक्षा, आणि ती नाकारण्याची मुभा नाही. या शिक्षेपायी एकाचे डोके आणि भुवया भादरल्या गेल्या. दुसऱ्याला आपल्या मांडीवर एका तरुण अभिनेत्याचा चेहरा जन्मभरासाठी गोंदवून घ्यावा लागला.

त्या दिवसापासून मला या चौघांचा नाद लागला. रात्री जेवणे झाली की मी गॅलरीत बसून एक भाग पाही. एकाचे दोन होत, दोनाचे तीन. शेवटी एके रात्री आमच्या सौभाग्यवती बाहेर आल्या आणि थोडा वेळ माझ्या खांद्यावरून पाहून म्हणाल्या, "अहो, यात हसण्यासारखे काय आहे? तो माणूस लाजेने मरतो आहे, आणि तुम्ही हसता?" मी काही उत्तर देण्यापूर्वीच त्यांनी दुसरा प्रश्न टाकला. "तुम्ही कधी केले आहे का असे काही?"

"नाही," मी म्हणालो.

उत्तर खरे होते. पण खरे उत्तर दिल्यावर मनुष्याला जे समाधान मिळावे ते मला मिळाले नाही. का मिळाले नाही, ते सांगण्यासाठीच हा लेख लिहायला घेतला आहे. परंतु त्याआधी सौभाग्यवतींच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर शोधले पाहिजे. कारण तो प्रश्न वाटतो तितका साधा नाही.

छुप्या कॅमेऱ्यासमोर माणसाची फजिती करून जगाला हसवण्याची ही कल्पना काही नवी नव्हे. तिचे जनकत्व ॲलन फंट या अमेरिकन गृहस्थांकडे जाते. त्यांनी १९४७ मध्ये लपवलेल्या ध्वनिग्राहकाच्या साहाय्याने रेडिओवर हा प्रकार सुरू केला आणि १९४८ मध्ये तो दूरचित्रवाणीवर आणला. ‘कँडिड कॅमेरा’ हे त्याचे पुढे जगप्रसिद्ध झालेले नाव. त्यांचा १९६२ मधील एक प्रयोग अजूनही लोक आवडीने पाहतात. लिफ्टमध्ये एक अनोळखी मनुष्य उभा आहे. त्याच्याभोवतीचे सगळे लोक, जे अर्थातच फंट यांचे साथीदार, दाराकडे पाठ करून भिंतीकडे तोंड करतात. तो बिचारा गोंधळतो. घड्याळ पाहिल्याचे निमित्त करतो. आणि हळूहळू, जणू आपणच चुकत होतो अशा चेहऱ्याने, तोही भिंतीकडे वळतो. आमच्या कार्यालयाच्या लिफ्टमध्ये मी रोज चढतो. ते दृश्य पाहिल्यापासून लिफ्टमध्ये उभे राहणे मला जड जाऊ लागले आहे. कारण मी पहिल्या तीन सेकंदांतच वळलो असतो, याची मला खात्री आहे.

फंट यांचे प्रयोग मनुष्यस्वभावावर प्रकाश टाकणारे होते, यात शंका नाही. तरीही ते पाहताना मनाच्या तळाशी काहीतरी खुपत राहते. हसणारे पुष्कळ आणि ज्याला हसायचे तो एकटा. शिवाय त्याला डाव ठाऊकच नाही. आपल्याकडे २००० च्या आसपास सायरस ब्रोचा यांनी ‘एमटीव्ही’वर असाच कार्यक्रम लोकप्रिय केला, त्याचे नावच मुळी ‘बकरा’ होते. आम्ही शाळकरी मुले तेव्हा उठता-बसता एकमेकांचा बकरा करत असू. मराठीत याला एखाद्याचे गिऱ्हाईक करणे म्हणतात. शब्द किती नेमका आहे! व्यवहार दुकानदाराच्या फायद्याचा. गिऱ्हाइकाच्या हाती पुडी येते ती रिकामी.

या फंट यांचीच एक हकिकत आहे. ३ फेब्रुवारी १९६९ रोजी ते ज्या विमानाने मायामीला निघाले होते, त्याचे अपहरण होऊन ते क्यूबाला नेण्यात आले. परंतु फंट यांना विमानात ओळखणाऱ्या काही प्रवाशांची अशी पक्की समजूत झाली की, हे अपहरण म्हणजे त्यांच्याच कार्यक्रमातील एक गंमत आहे! खुद्द फंट मात्र घाबरून गेले होते. ‘लांडगा आला रे आला’ ही गोष्ट आपण लहानपणी ऐकतो. तिचा इतका विलक्षण प्रत्यय फार थोड्यांना आला असेल. जो सदैव दुसऱ्याची फजिती करतो, त्याच्यावर खरोखरीची वेळ आली तरी तीही जगाला गंमतच वाटते.

आता या चौघा मित्रांचा खेळ पाहा. बाहेरून तो तसाच आहे : छुपा कॅमेरा, अनोळखी माणसे, बाजाराची जागा. पण येथे फजिती अनोळखी माणसाची होत नाही. ती मित्राची होते. दुकानात भाजी निवडणाऱ्या बाईंना फार तर असे वाटते की, आज एक चक्रम मनुष्य भेटला. घाम फुटतो तो त्या चक्रमाला. आणि मुख्य म्हणजे, आत्ता जो पलीकडच्या खोलीत बसून हसतो आहे, तोच थोड्या वेळाने कानात यंत्र घालून त्या दुकानात उभा राहणार आहे.

लहानपणी आपण लपंडाव खेळलो, शिवाशिवी खेळलो. त्या खेळांत ज्याच्यावर डाव येई त्याच्यावर ‘राज्य’ आले असे आपण म्हणत असू. वास्तविक ज्याने सर्वांमागे धावायचे, डोळे झाकून शंभर आकडे मोजायचे आणि सर्वांची टिंगल सोसायची, त्याच्या वाट्याला आलेल्या या कष्टांना ‘राज्य’ हा शब्द कोणी योजला असेल? ज्याने योजला त्याला मैत्रीचे मर्म कळले होते. आणि या राज्याचा एक कडक कायदा होता : राज्य दिल्याशिवाय घरी जायचे नाही. आई हाका मारते आहे, दिवेलागण झाली आहे, सबबी काहीही असोत. राज्य अंगावर असताना जो पळाला तो ‘रडका’. दुसऱ्या दिवशी त्याला खेळात घेत नसत.

‘कँडिड कॅमेऱ्या’त राज्य सदैव परक्यावर असते. या चौघांच्या खेळात ते फिरते असते. माझ्या मते या कार्यक्रमाची सारी मोहिनी या एका फरकात आहे. दुसऱ्याला हसण्याचा हक्क येथे कोणालाही फुकट मिळत नाही. तो स्वतःच्या फजितीने विकत घ्यावा लागतो.

आपल्या जुन्या माणसांना हे कळत होते. लग्नात नव्या नवरा-नवरीला चारचौघांत उखाणा घ्यायला लावतात, ती काय निराळी गोष्ट आहे? शंभर माणसे कान टवकारून बसलेली, करवल्या खुसखुसत असलेल्या, आणि ज्याने आयुष्यात दोन ओळी जुळवल्या नाहीत असा नवरदेव घाम पुसत नाव घेतो आहे. बायकोचा भाऊ येतो आणि भर मांडवात त्याचा कान पिळतो. पण त्या मेहुण्यालाही ठाऊक असते की, उद्या आपण बोहल्यावर चढू तेव्हा आपलाही कान दुसऱ्याच्या चिमटीत येणार आहे. ही फजिती म्हणजे एक प्रकारचा प्रवेशविधी असतो. तुझी लाज आम्ही पाहिली. आता तू आमचा झालास.

आपल्यासारख्या मुलखाबाहेर राहणाऱ्यांना या गोष्टीची किंमत अधिक कळते, असे मला वाटते. परक्या शहरात बदलून आलेला मनुष्य एका अदृश्य कॅमेऱ्यासमोरच वावरत असतो. मी कलकत्त्यास आलो तेव्हा पहिले सहा महिने बंगाली बोलण्याचे धाडस केले नाही. येथे पाणी पीत नाहीत, ‘खातात’. आपण चुकून पाणी ‘प्यायलो’ तर लोक हसतील, या भीतीने मी कित्येकदा तहानलेलाच घरी आलो आहे. कार्यालयात तर मनुष्य चूक बोलतच नाही, कारण तो बोलतच नाही. तो टिपणी लिहितो आणि ती वरिष्ठांच्या अवलोकनार्थ सादर करतो. ‘दादा’, ‘बाबू’ असे म्हणून सारे आदराने वागवतात. कोणी हसत नाही, कोणी टोकत नाही. हाजरा रोडवरील महाराष्ट्र निवासात गणपतीच्या दिवसांत मराठी माणसे भेटतात, मोदक खातात, मुलांच्या शाळांची चौकशी करतात. तीही भली माणसे आहेत. परंतु माझी नेमकी लाज कोठे दडली आहे, हे त्यांच्यापैकी एकालाही ठाऊक नाही. ते ठाऊक असायला मनुष्य आपल्याबरोबर सोळा-सतरा वर्षांचा असावा लागतो.

अशी माणसे मला होती. येथे मी सौभाग्यवतींच्या दुसऱ्या प्रश्नाकडे येतो.

कोल्हापुरात महाविद्यालयात असताना आम्हीही चौघे होतो : सुध्या, दिग्या, बाळ्या आणि मी. २००९ साली मोबाईलच्या दरांत मोठी चढाओढ लागली आणि सेकंदाला एक पैसा हा दर आला. या दराचा देशाला काय उपयोग झाला असेल तो असो. आम्हा चौघांना मात्र त्याने एक खेळ दिला. एकाने शर्टाच्या खिशात फोन चालू ठेवायचा, त्याची वायर कानात घालायची आणि रंकाळ्यावर किंवा स्टँडवर जाऊन बाकीचे सांगतील ते करायचे. न्यूयॉर्कच्या त्या चौघांचा खेळ सुरू व्हायला तेव्हा दोन वर्षे अवकाश होता. त्यांच्याजवळ कॅमेरे होते. आमच्याजवळ चहाच्या गाड्यामागची आडोशाची जागा होती. दिग्याने चपलांच्या दुकानात जाऊन फक्त डाव्या पायाचीच चप्पल मागितली. सुध्याने मिसळीच्या हॉटेलात तिखट नको म्हणून गूळ घातलेली मिसळ मागितली आणि मालकाने त्याच्याकडे असे पाहिले की, कोल्हापुरातून त्याचे नाव आता कमी होते की काय, असे आम्हाला वाटले.

बाळ्या बोलताना अडखळत असे. विशेषतः ‘स’ हे अक्षर त्याचा वैरी. ‘सायकल’ म्हणायची झाली तर तो ‘गाडी’ म्हणे. ‘सकाळी’ म्हणायचे झाले तर ‘पहाटे’ म्हणून मोकळा होई. वर्गात हजेरी सोडली तर त्याचा आवाज कोणी ऐकला नव्हता. आमच्यात मात्र तो पुष्कळ बोले, आणि हसताना तर तो कधीच अडखळत नसे. २०१० च्या एका संध्याकाळी आम्ही मध्यवर्ती बसस्थानकावर होतो आणि राज्य बाळ्यावर होते. तेव्हा एक कल्पना सुचली. बाळ्याने फलाटावर उभे राहून कंडक्टरसारखे ओरडायचे : ‘सांगली, सांगली, विनाथांबा सांगली!’

ही कल्पना सुध्याची नव्हती. दिग्याचीही नव्हती. ती माझी होती.

बाळ्याने माझ्याकडे क्षणभर पाहिले. मग वायर कानात घातली आणि तो गेला. फोनवर मीच होतो. "म्हण," मी म्हणालो. तो फलाटाच्या कडेला उभा राहिला, त्याने श्वास घेतला आणि त्याचे तोंड उघडले ते उघडेच राहिले. "सा… सा… सा…" दोन-चार प्रवासी वळून पाहू लागले. बाकावरच्या दोघा पोरांनी त्याची नक्कल केली. दिग्याने माझा हात दाबला आणि म्हणाला, "बस्स झालं, बोलव त्याला." मी बोलावणार, इतक्यात तो शब्द फुटला. आणि एकदा फुटल्यावर पाट फोडल्यावर पाणी सुटावे तसा सुटला : "सांगली, सांगली, विनाथांबा सांगली!" बोलताना अडखळणारी पुष्कळ माणसे गाताना किंवा ठेक्यावर बोलताना अडखळत नाहीत, हे मी पुढे कधीतरी वाचले. त्या संध्याकाळी मला ते ठाऊक नव्हते. मला फक्त दिसले की, सबंध स्टँड दणाणून सोडणारा तो आवाज आमच्या बाळ्याचा आहे.

एक म्हातारी गाठोडे घेऊन त्याच्यापाशी आली आणि "कुठं लागलीया रं गाडी?" असे विचारू लागली. कानात आम्ही ओरडत होतो, "पळ, पळ!" पण तो पळाला नाही. त्याने तिचे गाठोडे उचलले, खरी सांगलीची गाडी शोधली, तिला खिडकीजवळ बसवून दिले आणि मग तो आमच्याकडे आला. शर्ट घामाने भिजलेला; चेहरा परीक्षेत पहिला आल्यासारखा. वायर काढून त्याने माझ्या हातात दिली आणि म्हणाला, "आता राज्य तुझ्यावर हाय, मर्दा. हेच म्हणायचं."

मी म्हणालो, "आज नको. आमच्या गल्लीतली माणसं असतात स्टँडवर. उद्या."

ती उद्या कधी आली नाही. माझ्यावर राज्य आले की मला नेहमीच काहीतरी काम निघे, हे त्या दिवशी प्रथम सर्वांच्या ध्यानात आले असावे. कोणी काही बोलले नाही. पण त्यानंतर हा खेळ हळूहळू बंद पडला. २०११ मध्ये आम्ही पदवीधर झालो. परीक्षा देत देत मी केंद्र सरकारच्या नोकरीत लागलो आणि येथे आलो. बाळ्या शिवाजी उद्यमनगरात वडिलांच्या मोटार रिवाइंडिंगच्या दुकानात बसू लागला. पहिली काही वर्षे दिवाळीला भेटी होत. पुढे भेटींचे फोन झाले, आणि फोनचे व्हॉट्सॲपवरील सुप्रभात.

२०२१ च्या मे महिन्यात, करोनाच्या दुसऱ्या लाटेत, बाळ्याचे वडील गेले. आम्ही त्यांना अण्णा म्हणत असू. परीक्षेच्या दिवसांत आम्ही चौघे त्यांच्याच दुकानाच्या माळ्यावर अभ्यासाला बसत असू, आणि रात्री अकरा वाजता ते स्वतः स्टोव्हवर चहा करून वर आणून देत. मृत्यूची बातमी गटावर आली. मी फोन हातात घेतला आणि बाळ्याचे नाव काढले. पण काय बोलावे हे सुचेना. तो रडेल, अडखळेल, आणि मला ते ऐकवणार नाही, असे मी स्वतःला सांगितले. खरे तर मीच अडखळलो असतो. शेवटी दोन जोडलेल्या हातांचे चित्र गटावर टाकले आणि उद्या निवांत फोन करू असे ठरवले. पुन्हा तेच ‘उद्या’. आठवडा गेल्यावर वाटले, आता उशीर झाला. महिना गेल्यावर वाटले, आता काय तोंडाने करायचा? पाहता पाहता चार वर्षे गेली.

त्या रात्री गॅलरीत बसून पत्नीला मी ‘नाही’ म्हणालो, त्यामागे हे सगळे होते. मी त्या चौघांचे भाग रात्र रात्र का पाहतो, हेही मला तेव्हा उमगले. त्यांतला जो गॅटो २०२१ च्या अखेरीस व्यक्तिगत कारणांसाठी कार्यक्रमातून बाहेर पडला. उरलेल्या तिघांनी खेळ पुढे चालू ठेवला. त्याच्या जाण्यानंतरचे भाग मला पाहवत नसत. मी पुन्हा पुन्हा जुने भाग लावी, ज्यांत चौघे आहेत. मी काही विनोद पाहत नव्हतो. एक मनुष्य भर बाजारात लाजेने लाल झाला आहे आणि त्याच्या कानात त्याचे मित्र आहेत, ही गोष्ट मी पाहत होतो. लाज दोन प्रकारची असते. एक एकट्याने सोसायची आणि दुसरी कोणाच्या तरी संगतीने सोसायची. पहिलीने मनुष्य आखडतो, दुसरीने मोकळा होतो. पण दुसरी हवी असेल तर आधी राज्य घ्यावे लागते. मी बाळ्याला त्याच्या सर्वांत दुखऱ्या जागी नेऊन उभे केले होते, आणि माझी वेळ आल्यावर घरी पळालो होतो. तेही एकदा नव्हे, दोनदा.

त्यानंतर दोन दिवसांनी कार्यालयातून परतताना मी हाजरा मोडला बसची वाट पाहत उभा होतो. संध्याकाळची गर्दी, रस्त्यावर पावसाचे पाणी. मी फोन काढला आणि विचार करायला वेळ न देता नाव दाबले. चार-पाच वेळा घंटी वाजली.

"ह… हॅलो."

"बाळ्या, मी बोलतोय."

पलीकडे यंत्राचा आवाज होता. तो बंद झाला. मी जुळवून ठेवलेली वाक्ये कोठे गेली कोण जाणे. "अण्णा गेले तेव्हा मी फोन केला नाही," एवढेच मी म्हणालो.

बराच वेळ तो बोलला नाही. अडखळत असावा, असे मला वाटले. तो अडखळत नव्हता.

"व्हय," तो म्हणाला. "वाट बघितली मी."

मी गप्प राहिलो. या वाक्याला सबब नव्हती. थोड्या वेळाने त्यानेच विचारले, "कुठं हायस?"

"कलकत्त्यातच. बसस्टॉपवर उभा आहे."

"आजूबाजूला माणसं हाईत?"

"पुष्कळ."

"मग रा… राज्य राहिलंय तुझं," बाळ्या म्हणाला. "म्हण."

वाचकहो, माझे वय छत्तीस आहे. माझ्या गळ्यात कार्यालयाचे ओळखपत्र होते आणि शेजारी आमच्याच इमारतीतील एक परिचित बाई उभ्या होत्या. तोंड उघडले ते उघडेच राहिले. ‘सा’ हे अक्षर इतके जड असते, हे मला पंधरा वर्षांनी कळले. "म्हण की," कानात बाळ्या म्हणाला, आणि मी ओरडलो, "सांगली, सांगली, विनाथांबा सांगली!"

त्या बाई दोन पावले मागे सरकल्या. एक टॅक्सीवाला मान बाहेर काढून पाहू लागला. पण कलकत्त्यातही कंडक्टर गाडीच्या पत्र्यावर थापा मारत असेच ओरडतात. माझ्या ओरडण्यात शहराला फारसे वावगे काही वाटले नसावे. मी दुसऱ्यांदा ओरडलो, तेव्हा छत्री मिटत एक वृद्ध बंगाली गृहस्थ घाईघाईने माझ्याजवळ आले आणि म्हणाले, "दादा, गडियाहाट जाबे?"

कानात एकाएकी स्फोट झाल्यासारखे हसू फुटले. त्यांचा प्रश्न बाळ्याने ऐकला होता. तो हसत होता, थांबत होता, पुन्हा हसत होता. एकदाही अडखळत नव्हता. मी त्या गृहस्थांच्या हातातील पिशवी घेतली. मागे गडियाहाटची बस येऊन लागली होती. तिच्यात त्यांना चढवले, जागा मिळेपर्यंत पायरीजवळ उभा राहिलो, आणि मग पावसात भिजत पायीच घराकडे निघालो. बाळ्या अण्णांच्या शेवटच्या दिवसांविषयी सांगत होता. तो अडखळला की मी थांबे. कोठे मध्येच शब्द पुरवण्याची घाई मी केली नाही.

दारात आल्यावर फोन बंद केला आणि सवयीने वेळ पाहिली. एकवीस मिनिटे. मी कारकून, हिशेब केल्याशिवाय राहवत नाही. २००९ च्या दराने बारा रुपये साठ पैसे झाले असते. इतक्या वर्षांच्या थकबाकीच्या मानाने रक्कम फारच थोडी आहे.